हनुवटीखालची गाठ

"ते डबडं खाली घे, नाहीतर त्याच्यासकट हौदात बुडवीन तुला," शाझिये म्हणाली. तिच्या एका हातात भरलेली बादली होती आणि दुसऱ्या हाताने तिने हनुवटीखालची रुमालाची गाठ घट्ट धरली होती.

नेवेनाने बॉयकोला खूण केली. बॉयको हा तिने सोफियाहून आणलेला कॅमेरामन. पन्नाशी उलटलेला आणि गावोगावच्या शिव्या खाऊन निबर झालेला. त्याने कॅमेरा खांद्यावरून उतरवला आणि कमरेपाशी गुपचूप चालूच ठेवला.

"मावशी, चार शब्द बोला फक्त. तुमच्या तरुणपणाबद्दल. बाकी काही नको," नेवेना म्हणाली.

"कुणाची मावशी? तुझ्या आईला ओळखत होते मी. नशीबवान बाई, वेळेवर मेली. माझ्याशी नातं लावायला येऊ नकोस."

हौदावर आणखी तिघी-चौघी म्हाताऱ्या होत्या. नेवेना एक पाऊल पुढे सरकली तशी एकेकीचा हात हनुवटीखाली गेला आणि गाठीवर मूठ वळली. लेस्कोवोत आल्या दिवसापासून ती हे बघत होती. गल्लीत, दुकानात, मशिदीच्या पायऱ्यांपाशी, कुठेही ती जवळ आली की बायकांची मूठ गाठीवर. तिला ही लकब फार आवडली होती. "हे सोडू नकोस," ती बॉयकोला म्हणाली होती, "हात आणि गाठ. या डोंगराची शतकांची लाज आहे त्यात." सोफियात वीस-पंचवीस वर्षं काढली की माणसाला असली वाक्यं आपोआप सुचायला लागतात.

बायका बादल्या उचलून निघून गेल्या. शाझिये जाताना वळून थुंकली. नेवेनाच्या अंगावर नाही, पण फार लांबही नाही.

"दहा दिवसांत मला या गावातल्या पाठी तोंडपाठ झाल्या," बॉयको म्हणाला. "चेहरा एक नाही. अगं, तुझ्याच गावात तुझी ही गत, तर माझं काय होणार?"

आजवर नेवेनाने दह्याच्या जाहिराती केल्या, सरकारी खात्यांसाठी डोंगरदऱ्यांच्या फिती केल्या, दुसऱ्यांच्या सिनेमांवर पडेल ते काम केलं. हा तिचा स्वतःचा पहिला सिनेमा होता, आणि तिच्या वयाकडे पाहता दुसरा मिळेल असं कुणालाच वाटत नव्हतं. निर्मात्याची एकच अट होती. गावातली माणसं पडद्यावर दिसली पाहिजेत, बोलली पाहिजेत. रोज संध्याकाळी त्याचा फोन यायचा आणि रोज ती खोटं बोलायची.

सिनेमा होता त्या हिवाळ्याबद्दल. भाषा बल्गेरियन आणि धर्म मुसलमानाचा, एवढ्या एका अपराधासाठी सरकारने या डोंगरातल्या माणसांची नावं बदलली तो हिवाळा. नाझिमेची नेवेना झाली, रायबेची रायना झाली, आजोबा थडग्यात होते तर दगडावर त्यांचंही नाव बदललं. नव्या नावाला नवं ओळखपत्र लागलं, ओळखपत्राला नवा फोटो लागला, आणि फोटोत बाईच्या डोक्यावर रुमाल चालणार नव्हता. गावात फोटो काढणारा माणूस एकच होता. नेवेनाचा बाप, सालिह.

हे सगळं तिला पुस्तकांतून माहीत झालेलं. तिला स्वतःला आठवत होतं ते फार वेगळं होतं. सहा वर्षांची होती ती. भिंतीवर लावलेली पांढरी चादर, दिव्याची ऊब, स्टुलावर बसलेल्या बायका, त्यांचे मोकळे सुटलेले केस, आणि ती त्यांच्या मांडीवर. सगळे हसायचे. प्रत्येक फोटो झाला की बाबा तिच्या तोंडात गुलाबाच्या लोकुमची वडी घालायचे, साखरेने माखलेली. तिच्या सिनेमाचं पहिलं वाक्यच होतं, "त्या काळ्या हिवाळ्यात आमच्या घरी बायका केस मोकळे सोडून हसत होत्या." हे वाक्य ऐकून सोफियात निर्मात्याच्या बायकोच्या डोळ्यांत पाणी आलं होतं, आणि त्या पाण्यावरच सिनेमाला पैसे मिळाले होते.

पुढे सरकार पडलं, लोकांनी आपापली नावं परत घेतली. नेवेनाने घेतलं नाही. दाखले, पदव्या, श्रेयनामावल्या, सगळं नेवेनाच्या नावावर होतं. आळस म्हणा, सोय म्हणा. पण सोफियात तिचं बोलणं ऐकून कुणीतरी हमखास विचारायचं, "तुम्ही मूळच्या कुठल्या हो?" आणि प्रत्येक वेळी तिला आपण कुणाच्या तरी घरात चपला घालून शिरलोय असं वाटायचं. याचं उत्तर लेस्कोवोत मिळेल अशी तिची समजूत होती. आणि लेस्कोवो तर बोलायलाच तयार नव्हतं.

सगळ्यांत मोठं कुलूप होतं आत्याच्या दाराला. रायबे आत्या, सालिहची धाकटी बहीण. आई गेल्यावर नेवेनाला तिनेच वाढवलं होतं. त्या हिवाळ्यानंतर भावाबहिणीचं जे बिनसलं ते कायमचं, आणि वर्षभरात सालिह पोरीला घेऊन शहरात गेला. भांडण घराच्या वाटणीवरून झालं असं नेवेना धरून चालली होती. बाप मरेपर्यंत त्याबद्दल एक अक्षर बोलला नाही. गावात आल्यावर ती तीनदा आत्याच्या फाटकाशी गेली. तिन्ही वेळा पडदा हलला, दार हललं नाही.

बापाच्या कपाटात मात्र तिला एक पत्र्याचा डबा सापडला होता. त्यात त्या हिवाळ्यातल्या सगळ्या निगेटिव्ह होत्या, एकूण एक. हाच तिचा हुकमी पत्ता होता. तिने सोफियात त्या मोठ्या करून घेतल्या, खिडकीएवढ्या. काय सुंदर दिसत होत्या एकेकजणी! मोठ्या केलेल्या बहुतेक फोटोंच्या खालच्या कोपऱ्यात पांढुरका धुरकट डाग होता. उजेड शिरला असेल म्हणून तिने तो कापून टाकायला सांगितलं. आत्याचा फोटो सगळ्यांत देखणा होता. केस खांद्यावर विस्कटलेले, तोंड उघडं, भर हसण्यात पकडलेली. तोच सिनेमाच्या पोस्टरवर जायचा होता.

"भिंतीवर त्यांचं तारुण्य लावते," ती बॉयकोला म्हणाली. "स्वतःला बघून कोण पाघळणार नाही?"

"मी नाही पाघळणार. माझा तारुण्यातला फोटो बघून बायकोने जेवण टाकलं होतं," बॉयको म्हणाला. पण खिळे त्यानेच ठोकले.

गावच्या वाचनालयाचं सभागृह सरपंचाने कुरकुरत दिलं. "भांडण झालं तर मी गावात नव्हतो," त्याने आधीच सांगून ठेवलं, आणि खरोखरच शहरात निघून गेला. दुकानाशेजारच्या भिंतीवर मयतीचे कागद लागतात, त्याच्या बाजूला नेवेनाने आमंत्रण डकवलं. ते डकवताना तिचं लक्ष त्या कागदांकडे गेलं. हिरवी चौकट, वर चंद्रकोर, नाव आणि फोटो. माणूस गेलं की लागतात, चाळिसाव्याला पुन्हा लागतात, वर्षाला पुन्हा. पुरुषांचे फोटो नीट होते. बायकांचे काही विचित्रच. काहींवर फोटोच नव्हता, आणि काहींच्या डोक्यावरचा रुमाल शाईने काढलेला होता, लहान मुलाने रंगवावा तसा काळा ठोकळा. "छपाई बघ कसली भिकार," नेवेना म्हणाली आणि आमंत्रणाची कड दाबून पुढे गेली.

शुक्रवारी दुपारी माणसं आली. नेवेनाला वाटलं होतं त्याहून कितीतरी जास्त. बॉयकोने कॅमेरा कोपऱ्यात लावला. नेवेना दाराशी उभी राहून "या, या" म्हणत होती. तिने टेबलावर लोकुमची बशीही ठेवली होती.

कुणीही लोकुमला हात लावला नाही. लोक आत आले आणि थबकले. मग युमेर नावाचा म्हातारा, काठी टेकत, तिसऱ्या फोटोपाशी गेला. त्याने काठी भिंतीला टेकवली, अंगातला कोट काढला, आणि तो त्या फोटोवर टांगला. त्याची बायको होती ती. मागच्याच वर्षी गेली होती.

"आजोबा, काय करताय? फोटो खराब होईल," नेवेना म्हणाली.

म्हातारा तिच्याकडे न बघता बोलला. "साठ वर्षं संसार केला मी तिच्याशी. तिचे केस मी बघितले, तिच्या आईने बघितले. आणि आता हा तुझा माणूस बघतोय, कोपऱ्यातून, डोळा लावून."

त्यानंतर जे झालं ते झालं. कुणी शाली टाकल्या, कुणी कमरेची फडकी सोडून लावली, दोघींनी तर फोटो उपटून उलटे धरले. बॉयकोच्या कॅमेऱ्यावर कुणाची तरी पिशवी पडली.

"थांबा! ऐका तरी!" नेवेना ओरडली. "बाबांनी हे प्रेमाने जपून ठेवले होते. त्यांच्यावर जबरदस्ती झाली होती, तुमच्यावर झाली तशीच. त्यांनी फक्त फोटो काढले!"

शाझिये गर्दीतून पुढे आली. मूठ गाठीवर होतीच.

"हो, त्याने फोटोच काढले. खरंय. त्याने आम्हाला बोट लावलं नाही." ती नेवेनाच्या तोंडाजवळ तोंड आणून म्हणाली, "मग रुमाल कुणी काढले गं, भवाने? वाऱ्याने?"

"मला... म्हणजे, शिपायांनी?"

शाझिये तिच्याकडे बघतच राहिली. मग मागे वळून बायकांना म्हणाली, "हिला खरंच माहीत नाही. देवा, हिला माहीतच नाही!" आणि तिला हसू फुटलं. त्या हसण्यापेक्षा तिची थुंकी बरी होती.

नेवेना तशीच सभागृहातून निघाली आणि आत्याच्या फाटकाशी गेली. या खेपेस आत्या अंगणातच होती. छपराखाली बसून लांब सुईने तंबाखूची पानं दोऱ्यात ओवत होती. नेवेना फाटक ढकलून आत शिरली. आत्याची मूठ हनुवटीखाली गेली.

"तिथंच. तिथून बोल."

"आत्या, रुमाल कुणी काढले?"

आत्याने पान ओवलं, दुसरं उचललं. "बाप मेला तरी सांगितलं नाही ना त्याने? भित्रा तो भित्राच. बस तिथं, त्या ओंडक्यावर."

नेवेना बसली.

"शिपाई दारात उभे असायचे," आत्या सांगू लागली, बाजारभाव सांगावा तशा आवाजात. "आम्ही स्टुलावर बसायचो, पण रुमाल सोडायचो नाही. मारा म्हणायचो. बाईच्या डोक्याला हात घालायला तेही कचरायचे. वरच्या गावात त्यावरून कुऱ्हाड चालली होती. दोन दिवस झाले, एक फोटो निघेना. वरून माणूस आला, सालिहला म्हणाला, फोटो निघाले नाहीत तर तुला आत टाकतो. मग तुझ्या बापाने डोकं चालवलं."

"काय केलं?"

"तुला पाठवलं. तू मांडीवर चढायचीस. बिनआईचं लेकरू, सगळ्या गावाने कडेवर फिरवलेलं. कुठली बाई तुला ढकलणार? पडू नये म्हणून दोन्ही हातांनी धरायची. दोन्ही हात तुझ्यात अडकले की तू गाठ ओढायचीस. सरळ एका झटक्यात. हात सराईत झाला होता तुझा. गाठ सुटली की लगेच दिवा पेटायचा. शिपाई हसायचे, तुझा बाप तोंडात लोकुम घालायचा, मग तूही हसायचीस. पुढची बाई आत."

नेवेनाला आपल्या बोटांत काहीतरी आठवलं. सुती कापडाची एक घट्ट गाठ, आणि ती सुटताना होणारा आनंद.

"मला वाटलं खेळ आहे," ती म्हणाली. "मी सहा वर्षांची होते, आत्या."

"ठाऊक आहे मला. सहाची नाही तर काय सोळाची होतीस? तुला दोष दिला असता तर त्याच दिवशी गळा दाबला असता. दोष त्याचा. पण हात तुझे होते. गाव हात विसरत नाही, काय करणार?" आत्याने सुई खाली ठेवली. "मी शेवटची गेले. मला माहीत होतं तू काय करतेस. मी ठरवून गेले होते, हिला मांडीवर घेणारच नाही. आणि तू आलीस आत्या आत्या करत. घेतलं मी."

"तुझा फोटो आहे माझ्याकडे. तू हसते आहेस त्यात."

"हसते आहे?" आत्या उठून उभी राहिली. "मी तुला सांगत होते, नाझिमे, नको. तेवढंच. नाझिमे, नको. ऐकलं नाहीस."

कोंबड्या अंगणात टोचत फिरत होत्या. आत्याने त्यांना हाकललं आणि पुन्हा बसली.

"ते नाव मी ठेवलं होतं तुझं. तुझी आई बाळंतपणातच गेली, तेव्हा मी ठेवलं. त्या दिवसानंतर मी ते आजवर उच्चारलं नव्हतं. तू आता नेवेना आहेस, तेच बरं आहे. जा."

"आत्या, मी काय करू सांग. मी ते फोटो जाळते. सिनेमा बंद करते."

"जाळ नाहीतर खा. माझ्या तोंडून माफी-बिफी ऐकायला बसली असशील तर उन्हं उतरलीत, थंडी वाजेल. ऊठ."

सभागृहात परत येऊन नेवेनाने डबा उघडला. एकेक निगेटिव्ह उजेडात धरून ती खालचा कोपरा बघत राहिली. तो पांढुरका डाग उजेडाचा नव्हता. ती एक बाही होती, छोटीशी, फुग्याची, हललेली. आत्याच्या निगेटिव्हमध्ये तर बोटंही दिसत होती.

बॉयकोने सगळं ऐकून घेतलं आणि खाकरला. "रागावू नकोस, पण हाच सिनेमा आहे. म्हातारीला कॅमेऱ्यासमोर बसव आणि हेच बोलायला लाव. जगभर फिरेल."

"बसव म्हणतोस?" नेवेना म्हणाली. "पुन्हा एकदा बसवू?"

बॉयको केबल गुंडाळायला लागला. तिने निर्मात्याला फोन लावला आणि सांगितलं की चेहरे मिळाले नाहीत, मिळणारही नाहीत. पलीकडून बराच वेळ आरडाओरडा चालला होता. तिने फोन टेबलावर ठेवला आणि खिळे उपटायला घेतले.

सकाळी सामान गाडीत चढत असताना आत्या सभागृहाच्या दारात उभी होती. अंगात ठेवणीतला कोट होता, डोक्यावर नवा रुमाल होता, पांढरा, बारीक निळ्या फुलांचा. सोबत शाझिये होती, पहारेकऱ्यासारखी.

"फोटो काढतेस की नुसता सिनेमाच येतो तुला?" आत्याने विचारलं.

"काढते."

"मग काढ एक. माझ्या मयतीच्या कागदासाठी. डॉक्टरने सांगितलंय, फार दिवस नाहीत. माझ्याकडे फोटो एकच आहे, तो तुला माहीत आहे. सरकार पडल्यावर ओळखपत्रं बदलली तेव्हाही म्हणाले, कपाळ दिसू द्या, कान दिसू द्या. मी गेलेच नाही. आणि मेल्यावर पोरांनी शाईने माझ्या डोक्यावर रुमाल काढलेला मला नको. हसतात लोक."

दुकानाशेजारची ती भिंत नेवेनाच्या डोळ्यांसमोर आली. भिकार छपाई, असं ती म्हणाली होती.

"सालिहच्या घराने माझा एक फोटो नेला, तसा एक परत दिला पाहिजे. एवढंच. बाकी तुझं माझं काही नाही. आणि तो माणूस बाहेर थांबेल."

बॉयको निमूट बाहेर गेला. आत्या स्टुलावर बसली, पाठ ताठ, पाय जुळवलेले. मागे रिकामी भिंत होती आणि भिंतीत खिळ्यांची भोकं. नेवेनाने कॅमेरा लावला, खिडकीचा पडदा सारून उजेड घेतला. भिंगातून आत्याचा चेहरा जवळ आला. सुरकुत्या होत्या, पण डोळे तेच होते. कामाची सवय कामाला आली. तिने नेहमीसारखं बघायला घेतलं, उजेड कुठे पडतोय, सावली कुठे. रुमालाची एक कड कपाळावर किंचित सरकली होती आणि खालून पांढरी बट डोकावत होती. वाईट दिसलं असतं. आत्याला तर नकोच होतं ते. नेवेना काही न बोलता पुढे झाली आणि नीट करायला तिने हात उचलला.

आत्याची मूठ गाठीवर बसली. बोटांची पेरं पांढरी पडली. एवढी म्हातारी झालेली, घरी मरण वाट बघत असलेली बाई स्टुलावर मागे रेलली, भिंतीला टेकेपर्यंत.

नेवेनाचा हात हवेतच राहिला.

"लांबून," आत्या म्हणाली. "लांबून, नेवेना."

नेवेना मागे सरली. शाझियेने येऊन बट आत सारली, कड सरळ केली आणि बाजूला झाली. आत्याने मूठ काही सोडली नाही.

"हात खाली घेतेस का?" नेवेनाने कॅमेऱ्यामागून विचारलं.

"नाही."

तिने तसाच फोटो काढला.

जाताना निगेटिव्हचा डबा तिने स्टुलावर ठेवला. शाझियेने तो पायाने स्वतःकडे ओढला. त्याचं पुढे काय झालं हे नेवेनाने कधी विचारलं नाही आणि कुणी तिला सांगितलंही नाही.

वसंतात सरपंचाचा फोन आला. नेवेना लेस्कोवोत पोचेपर्यंत दफन होऊन गेलं होतं. आत्याच्या घरी बायकांची वर्दळ होती. तिला कुणी आत बोलावलं नाही, कुणी हाकललंही नाही. ती फाटकाशी उभी राहिली. फाटकावर हिरव्या चौकटीचा कागद होता. चंद्रकोर, खाली नाव, रायबे, आणि नावाखाली फोटो. निळ्या फुलांचा पांढरा रुमाल, कपाळावर सरळ बसलेली कड, आणि हनुवटीखाली गाठीवर आवळलेली मूठ. येणारी जाणारी माणसं कागदापाशी थांबत, मूठ बघत, आणि मग एकदा नेवेनाकडे बघत.

वारा होता. कागदाचा खालचा कोपरा सुटून फडफडत होता. नेवेनाने तो दाबायला हात पुढे केला. मग तिने हात मागे घेतला आणि कोटाच्या खिशात घातला. आतून शाझिये आली, तिने अंगठ्याने कोपरा दाबून बसवला, आणि फाटक उघडंच ठेवून घरात निघून गेली.